पळवाट नसलेला व्याघात : ‘डायलेथिया’ या संज्ञेची पार्श्वभूमी

स्वतःच्या बोलण्यानं स्वतःचंच बोलणं कापणाऱ्या माणसासाठी मराठीत एक तयार शब्द आहे, वदतोव्याघात. त्याचं नेहमी दिलं जाणारं उदाहरण एका संस्कृत सुभाषितातलं आहे. ‘मी जन्मभर मौन पाळलं आहे, माझे वडील ब्रह्मचारी, आई वांझ आणि आजोबा निपुत्रिक’, असं एक गृहस्थ छातीठोकपणे सांगतो. ऐकणारा हसतो, कारण असं बोलणं खरं असूच शकत नाही हे त्यानं धरूनच ठेवलेलं असतं. पण प्रत्येक व्याघात, म्हणजे एकच गोष्ट आहे आणि नाहीही असं म्हणणं, खोटाच असतो, हे कुणी सिद्ध केलं आहे का? हा प्रश्न नेटानं विचारणाऱ्यांनी जी संज्ञा घडवली ती म्हणजे ‘डायलेथिया’.

संज्ञा नवी आहे. १९८१ मध्ये ग्रॅहम प्रीस्ट आणि रिचर्ड राउटली या दोन तर्कशास्त्रज्ञांनी ती तयार केली. ग्रीकमध्ये ‘अलेथेइया’ म्हणजे सत्य आणि ‘दि’ म्हणजे दोन. कल्पना सुचली ती तत्त्वज्ञ विट्गेन्श्टाइनच्या एका टिपणावरून. रसेलच्या व्याघाताकडे (तो पुढे येईल) दोन्ही दिशांना तोंड असलेल्या जेनस या रोमन देवासारखं का पाहू नये, असं त्यानं विचारलं होतं. एक तोंड सत्याकडे, एक असत्याकडे. शब्द ठरला, पण त्याला ‘वाद’ या अर्थाचा ‘इझम’ जोडताना रोमन लिपीत एक ‘ई’ ठेवायचा की गाळायचा हे ठरवायचं दोघंही विसरले, आणि मग बरीच वर्षं दोन वर्णलेखनं चालत राहिली. राउटली मूळचा न्यूझीलंडचा आणि जंगलांवर जीव असलेला माणूस. पुढे त्यानं आडनाव बदलून ‘सिल्वन’, म्हणजे वनातला, असं घेतलं. १९९६ मध्ये बालीत त्याचं निधन झालं. त्यानंतर ही कल्पना लावून धरण्याचं काम मुख्यतः प्रीस्टनं केलं. १९८७ चं त्याचं ‘इन कॉन्ट्राडिक्शन’ हे पुस्तक या मताचा पाया मानलं जातं.

व्याख्या अगदी छोटी आहे. जे विधान खरं आहे आणि ज्याचा नकारही खरा आहे, ते विधान म्हणजे डायलेथिया. अशी काही विधानं आहेत असं मानणं म्हणजे डायलेथिइझम. इथे ‘काही’ या शब्दावर सगळा भार आहे. प्रत्येक विधान खरं आहे असं मानणारं मत वेगळं, त्याला ट्रिव्हियलिझम म्हणतात, आणि प्रीस्टला ते मुळीच मान्य नाही. पाऊस पडत असेल तर पडतोय, नसेल तर नाही. रोजच्या व्यवहारातल्या बहुतेक गोष्टींत व्याघात खोटाच असतो, हे त्यालाही कबूल आहे.

ज्या नियमाला हे आव्हान आहे तो ॲरिस्टॉटलनं ‘मेटाफिजिक्स’च्या गॅमा या चौथ्या ग्रंथात मांडला. एकच गुण एकाच वस्तूच्या ठायी, एकाच वेळी आणि एकाच बाबतीत असणं आणि नसणं शक्य नाही. या नियमाची थेट सिद्धता देता येत नाही, हे तो स्वतःच सांगतो, कारण कोणतीही सिद्धता द्यायची तर हाच नियम आधी वापरावा लागतो. म्हणून तो प्रतिपक्षाला फक्त एक अर्थपूर्ण शब्द बोलायला सांगतो. बोललास तर नियम मान्य केलास, आणि गप्प बसलास तर तुझ्यात आणि झाडात फरक काय? पर्शियन तत्त्वज्ञ इब्न सीनाचा उपाय याहून कडक होता. नियम नाकारणाऱ्याला मार द्या, चटके द्या, म्हणजे मार बसणं आणि न बसणं एकच नव्हे हे त्याला पटेल. पोलिश तर्कशास्त्रज्ञ यान लुकासिएविच यानं १९१० मध्ये ॲरिस्टॉटलचे युक्तिवाद एकेक करून तपासले, तेव्हा त्यांतला एकही नियम सिद्ध करण्याइतका पक्का निघाला नाही. फार तर ‘सगळे’ व्याघात खरे नसतात एवढंच त्यांतून निघतं, आणि तेवढं तर प्रीस्टही मानतो.

ॲरिस्टॉटलच्या नियमातले ‘एकाच वेळी’ आणि ‘एकाच बाबतीत’ हे शब्द नीट ध्यानात ठेवायला हवेत. व्याघातातून सुटायच्या बहुतेक वाटा तिथूनच निघतात. माणूस शूर आहे आणि भित्राही आहे असं म्हटलं की आपण लगेच विचारतो, कुठे शूर, कुठे भित्रा? रणांगणात शूर, घरात भित्रा. झालं, व्याघात मिटला. मराठी व्याकरणात ज्या अलंकाराला विरोधाभास म्हणतात त्याचं कामही असंच चालतं. वरवर विरोध दिसतो आणि अर्थ कळला की विरतो. ‘आभास’ हा शब्द नावातच आहे. म्हणूनच डायलेथियासाठी मराठीत ‘विरोधाभास’ वापरणं मला चुकीचं वाटतं. डायलेथिया विरत नाही, आणि न विरणं हाच तिचा अर्थ आहे.

भारतीय परंपरेत याची नातलग उदाहरणं भरपूर आहेत. पण ‘हे सगळं आपल्याकडे आधीच होतं’ असं म्हणून मोकळं होण्यापूर्वी प्रत्येक ठिकाणी पळवाट आहे का, हे पाहावं लागतं.

वेदवाक्यांचा अर्थ लावणाऱ्या मीमांसकांपुढे श्रुतीचीच दोन वाक्यं उभी होती. अतिरात्र यागात षोडशी हे सोमरसाचं पात्र घ्यावं, आणि अतिरात्र यागात षोडशी पात्र घेऊ नये. दोन्ही वाक्यं वेदाची, तेव्हा खोटं कुठलंच म्हणता येत नाही. मीमांसकांनी ‘विकल्प’ मानला. घेतलं तरी चालेल, न घेतलं तरी चालेल. त्यामुळे दोन्ही वाक्यांचा मान राहिला आणि यागही अडला नाही. तोडगा सुंदर आहे, पण तो पळवाटच आहे.

जैनांच्या सप्तभंगीत, म्हणजे एखाद्या गोष्टीबद्दल बोलण्याच्या सात प्रकारांत, तिसरा भंग ‘स्यादस्ति च नास्ति च’ असा आहे. घट आहे आणि नाही. ऐकताक्षणी हीच डायलेथिया असं वाटतं. पण ‘स्यात्’चा अर्थ ‘एका अपेक्षेनं’. घट मातीच्या रूपानं आहे, कापडाच्या रूपानं नाही. अपेक्षा बदलली की विरोध संपतो. खरी अडचण येते ती अस्ति आणि नास्ति एकदम, एकाच दमात म्हणायचं ठरवलं तर, आणि तिथे जैन आचार्य ‘अवक्तव्य’ म्हणतात, बोलता येत नाही. शंकराचार्यांना एवढंही पटलं नव्हतं. ‘नैकस्मिन्नसंभवात्’ या ब्रह्मसूत्रावरच्या भाष्यात ते म्हणतात की एकाच ठिकाणी थंड आणि गरम जसं एकदम नांदत नाही, तसं असणं आणि नसणंही नांदत नाही. नैयायिक उदयनाचार्यही त्याच बाजूचे. दोन गोष्टी परस्परविरुद्ध असतील तर तिसरा प्रकार उरत नाही, असं ते ‘न्यायकुसुमांजली’त लिहितात.

बौद्धांची चतुष्कोटी मात्र जास्त जवळ येते. आहे, नाही, आहे आणि नाही, आहेही नाही आणि नाहीही नाही, अशा चार कोटी. मज्झिमनिकायात वच्छगोत्त नावाचा परिव्राजक तथागताच्या मरणोत्तर स्थितीबद्दल हे चारही पर्याय विचारतो आणि बुद्ध चारही नाकारतात. विझलेली आग कोणत्या दिशेला गेली असं विचारण्यासारखा तो प्रश्न आहे, असं ते समजावतात. बौद्ध तत्त्वज्ञ नागार्जुनानं मात्र मूलमध्यमककारिकेच्या अठराव्या प्रकरणात उलट केलं आहे : ‘सर्वं तथ्यं न वा तथ्यं तथ्यं चातथ्यमेव च। नैवातथ्यं नैव तथ्यमेतद्बुद्धानुशासनम्॥’ इथे चारही कोटी बुद्धाची शिकवण म्हणून दिल्या आहेत, आणि त्यांतली तिसरी तर उघडच ‘तथ्यही आणि अतथ्यही’ अशी आहे. त्याचा भाष्यकार चंद्रकीर्ती यानं यातूनही वाट काढली. वेगवेगळ्या तयारीच्या शिष्यांना वेगवेगळी शिकवण, असा अर्थ त्यानं लावला. प्रीस्ट आणि अमेरिकी तत्त्वज्ञ ‘जे गारफील्ड’ यांना ती वाट घ्यायची गरज वाटत नाही. २००३ च्या त्यांच्या निबंधात त्यांनी नागार्जुनाचं म्हणणं विचाराच्या सीमेवरचा खरा व्याघात म्हणून वाचलं. हे वाचन सर्वांना मान्य नाही. मलाही श्लोकाच्या शब्दांत ते बसतं असं वाटतं, पण नागार्जुनाच्या मनात तेच होतं असं ठामपणे म्हणवत नाही.

मराठी प्रतिशब्दाचा प्रश्न इथेच येतो. दे. द. वाडेकरांनी संपादित केलेला मराठी तत्त्वज्ञान-महाकोश १९७४ चा, म्हणजे संज्ञेच्या आधीचा, तेव्हा तिथून मदत मिळत नाही. ‘द्विसत्य’ हा शब्द ग्रीकला सर्वांत जवळचा, पण तो घेऊ नये. संवृतिसत्य (व्यवहारातलं) आणि परमार्थसत्य (अंतिम) अशी दोन सत्यं बौद्धांनी आधीच मानलेली आहेत आणि त्यांचा याच्याशी घोळ होईल. ‘सत्य व्याघात’ सरळ आहे आणि मी तोच वापरतो.

आता ज्या वाक्यामुळे हे सगळं पेटलं ते वाक्य. ‘हे वाक्य खोटं आहे.’ ते खरं मानलं तर ते म्हणतं तसं ते खोटं ठरतं. खोटं मानलं तर तेच तर ते म्हणतंय, म्हणजे खरं ठरतं. ख्रिस्तपूर्व चौथ्या शतकात मिलेटसच्या युब्युलिडीसनं हा पेच मांडला. (‘सगळे क्रीटवासी खोटारडे’ म्हणणाऱ्या क्रीटच्या एपिमेनिडीसचं नाव जास्त ऐकू येतं, पण त्याचं वाक्य तितकं पक्कं नाही. एखादा क्रीटवासी एकदा जरी खरं बोलला असेल तर ते सरळ खोटं ठरतं.) आपल्याकडे भर्तृहरीनं वाक्यपदीयात ‘सर्वं मिथ्या ब्रवीमि’, मी बोलतो ते सगळं खोटं, या वाक्याची दखल घेतली आहे. बोलणाऱ्याला या वाक्यात हेच वाक्य अभिप्रेत नसतं, असं तो सांगतो, नाहीतर म्हणायचं होतं तेच कळणार नाही. ही वाट बोलणाऱ्याच्या विवक्षेतून, म्हणजे त्याला काय म्हणायचं आहे यातून, जाते.

विसाव्या शतकात ही वाट तोकडी पडली. १९०२ च्या जूनमध्ये बर्ट्रंड रसेलनं जर्मन तर्कशास्त्रज्ञ फ्रेगेला पत्र लिहून कळवलं की स्वतःचे सदस्य नसलेल्या सर्व संचांचा संच धरला तर तो स्वतःचा सदस्य असतो आणि नसतोही. गणिताचा पाया घालणाऱ्या फ्रेगेच्या ग्रंथाचा दुसरा खंड तेव्हा छापखान्यात होता, आणि फ्रेगेला शेवटी एक पुरवणी जोडावी लागली. इथे कुणाची विवक्षा नाही, गणित आहे. पोलिश तर्कशास्त्रज्ञ टार्स्कीनं १९३३ मध्ये सत्यासाठी भाषांची उतरंड सुचवली. एका भाषेतल्या वाक्याचा खरेखोटेपणा तिच्या वरच्या भाषेत बोलायचा. कृत्रिम भाषांसाठी हे उत्तम. पण ‘तू म्हणालास ते खरं आहे’ हे वाक्य मराठीत मराठीबद्दलच बोललं जातं, त्यासाठी आपण वरच्या मजल्यावर जात नाही. १९७५ मध्ये अमेरिकी तर्कशास्त्रज्ञ सॉल क्रिप्कीनं ‘हे वाक्य खोटं आहे’सारखं वाक्य खरंही नाही आणि खोटंही नाही असं म्हणायची सोय केली. मग वाक्य थोडं बदलून पाहा : ‘हे वाक्य खरं नाही.’ ते दोन्हीपैकी काहीच नसेल, तर ते खरं नाही. पण तेच तर ते म्हणतंय, म्हणजे ते खरं आहे. एक दार बंद केलं की पेच दुसऱ्या दारानं आत येतो. प्रीस्टचं म्हणणं इतकंच की दोन हजारांहून जास्त वर्षं दारं बंद करून झाली, आता जे दिसतंय ते मान्य करून पाहू.

‘दोन्ही’ आणि ‘दोन्ही नाही’ यांतला फरक उंबरठ्यावर पाहता येतो. हिरण्यकशिपूला वर होता की मृत्यू घरात नको, बाहेर नको, दिवसा नको, रात्री नको. नरसिंहानं त्याला तिन्हीसांजेला उंबरठ्यावर मारलं. कथेचं सगळं बळ ‘दोन्ही नाही’त आहे, उंबरठा आतही नाही आणि बाहेरही नाही. प्रीस्टचं उदाहरणही खोलीतून बाहेर पडणाऱ्या माणसाचंच आहे. दाराच्या बरोबर मध्यावर, अर्धा इकडे अर्धा तिकडे असताना त्या क्षणी तो खोलीत आहे की नाही? तो खोलीत आहे आणि नाहीही, हे प्रीस्टचं उत्तर. जर्मन तत्त्वज्ञ हेगेलनं गतीबद्दल असंच म्हटलं होतं : हलणारी वस्तू एकाच क्षणी इथे असते आणि नसतेही. उंबरठ्याच्या बाबतीत मला नरसिंहाचं उत्तर पुरेसं वाटतं. ‘हे वाक्य खोटं आहे’ या लबाडाच्या वाक्याला ते पुरत नाही.

व्याघात मान्य करायला तर्कशास्त्रज्ञ घाबरत होते त्याचं कारण वेगळं आहे. जुन्या तर्कशास्त्रात एका व्याघातातून वाट्टेल ते निघतं. समजा, ‘पाऊस पडतोय’ आणि ‘पाऊस पडत नाही’ ही दोन्ही खरी. पहिलं खरं, म्हणून ‘पाऊस पडतोय किंवा सिंहगड समुद्रात आहे’ हेही खरं. पण पाऊस तर पडत नाही. मग दुसरा पर्याय उरला : सिंहगड समुद्रात आहे. बाराव्या शतकातही ही युक्ती माहीत होती. प्रीस्टनं १९७९ मध्ये मांडलेल्या तर्कपद्धतीत शेवटची पायरी अडते. ‘पाऊस पडतोय’ हे खोटं असलं तरी त्याचबरोबर खरंही असू शकतं, म्हणून पहिला पर्याय बाद झाला असं म्हणता येत नाही आणि सिंहगड जागेवर राहतो. एका व्याघातातून वाट्टेल ते निघण्याचा असा ‘स्फोट’ टाळणाऱ्या पद्धती त्याआधीही होत्या. पोलंडमध्ये यास्कोव्स्कीनं १९४८ मध्ये आणि ब्राझीलमध्ये न्यूटन दा कोस्टानं १९६३ मध्ये त्या मांडल्या. पेरूच्या मिरो केसादानं १९७६ मध्ये त्यांना ‘पॅराकन्सिस्टंट’ हे नाव दिलं.

पॅराकन्सिस्टंट तर्क आणि डायलेथिइझम या दोन संज्ञांची गल्लत फार होते. शाळेच्या दाखल्यावर एक जन्मतारीख आणि रेशनकार्डावर दुसरी असली, तर त्या नोंदींतून वाट्टेल तो निष्कर्ष निघू नये म्हणून पॅराकन्सिस्टंट तर्क वापरता येतो. पण माणूस दोनदा जन्मला असं कुणी म्हणत नाही. पहिलं अनुमानाबद्दलचं धोरण आहे, डायलेथिइझम जगाबद्दलचं विधान आहे. तसंच दुटप्पीपणा, मतभेद किंवा मनाची ओढाताण यांनाही ही संज्ञा लावू नये. दोन माणसं दोन गोष्टी म्हणतात, किंवा एकच माणूस दोन गोष्टी मानतो, तेवढ्यानं दोन्ही खऱ्या होत नाहीत.

विरोध अजून मोठा आहे. नकाराचा अर्थच बदलला की विषय बदलतो, असं अमेरिकी तत्त्वज्ञ क्वाइननं १९७० मध्येच म्हटलं होतं. अमेरिकी तत्त्वज्ञ डेव्हिड लुईसला या विषयावरच्या ग्रंथासाठी लिहायला सांगितलं तेव्हा त्यानं नकार दिला. ज्या नियमाहून जास्त खात्रीचं काही हाताशी नाही त्याचं समर्थन कशाच्या आधारावर करायचं, अशी त्याची अडचण होती. २००४ मध्ये ऑक्सफर्डनं काढलेल्या त्या ग्रंथात त्याची पत्रं छापली आहेत. मला सर्वांत जड वाटणारा आक्षेप याहून साधा आहे. डायलेथिइस्टनं ‘हे खोटं आहे’ म्हटलं तर ‘ते खरं नाही’ एवढं तरी त्यातून कळतं का? प्रीस्टचं उत्तर असं की नकार उच्चारणं आणि विधान झिडकारणं या दोन वेगळ्या कृती आहेत. एकाच विधानाचा स्वीकार आणि झिडकार एकदम करता येत नाही, मग त्याचा नकार खरा असो वा नसो.

मत मानणाऱ्यांतही सत्य व्याघात किती आणि कुठे यावर एकमत नाही. प्रीस्टला ते गतीत, कायद्यात आणि विचाराच्या सीमेवर दिसतात. तर्कशास्त्रज्ञ जे. सी. बीलनं २००९ मध्ये त्यांना फक्त सत्याबद्दल बोलणाऱ्या वाक्यांपुरतं ठेवलं. ‘खरं’ हा उपयोगी शब्द भाषेत आणला की त्याच्या सांध्यांत ते आपोआप तयार होतात, असं त्याचं मत. २०२१ च्या पुस्तकात मात्र तोच बील ख्रिस्ताकडे वळला. पूर्ण मानव आणि पूर्ण ईश्वर ही ४५१ सालच्या कॅल्सिडॉनच्या धर्मपरिषदेची मांडणी कोणतीही वाट न काढता जशीच्या तशी घ्यावी, असं तो त्यात म्हणतो.