थरांच्या स्वप्नवास्तू: आत शिरण्याची आणि परत येण्याची वाट

पाहुण्याला एका स्वप्नातून दुसऱ्यात आणि तिथून तिसऱ्यात नेणाऱ्या काल्पनिक वास्तू आता खेळांत, कादंबऱ्यांत, पडद्यावर सर्रास भेटतात. त्यांची चर्चा बहुधा थर किती, इथेच अडकते. जुने नमुने नीट पाहिले तर थर वाढवणं हे त्यातलं सर्वांत सोपं काम आहे. पाहुण्याला परत आणताना मात्र भल्याभल्यांची रचना कोसळते.

या बाबतीत सर्वांत चोख आराखडा महायान परंपरेतल्या ‘गंडव्यूह’ सूत्रात आहे. सुधन हा तरुण कूटागाराच्या, म्हणजे शिखर असलेल्या मनोऱ्यासारख्या वास्तूच्या दाराशी उभा असतो. मैत्रेय हा बोधिसत्त्व चुटकी वाजवतो, दार उघडतं, सुधन आत जातो आणि दार मागून मिटतं. आत आकाशाएवढा विस्तार. त्यात तशीच असंख्य कूटागारं, प्रत्येकाच्या पोटात पुन्हा तेवढाच विस्तार, तरी एकाची दुसऱ्याला अडचण नाही. बाहेर येतानाही तीच चुटकी. हे सगळं गेलं कुठे, असं सुधन विचारतो. जिथून आलं तिथेच, असं उत्तर मिळतं. आत जाण्याची आणि जागं होण्याची खूण एकच आणि ती आवाजाची, हे यातलं खरं कसब. दृश्य कितीही बदललं तरी कान तोच राहतो.

हे सूत्र दगडातही उतरलं. जावा बेटावरच्या बोरोबुदुरच्या वरच्या गॅलऱ्यांमध्ये गंडव्यूह आणि त्याला जोडलेल्या भद्रचरी या स्तोत्राची ४६० शिल्पफलकं आहेत. गॅलरीच्या दोन्ही बाजूंना भिंती असल्यामुळे चालणाऱ्याला बाहेरचं फारसं काही दिसत नाही. मग एकदम तीन वर्तुळाकार मोकळे चौथरे लागतात आणि त्यांवर जाळीदार ७२ स्तूप. थर बदलल्याचं सांगायला पाटी लागत नाही, भिंत संपली की पायांनाच कळतं.

योगवासिष्ठ या संस्कृत ग्रंथातल्या भिक्षूची गोष्ट याहून धाडसी आहे. भिक्षू स्वप्नात जीवट नावाचा माणूस होतो, जीवट झोपून ब्राह्मण होतो, ब्राह्मण सामंत, सामंत राजा. साखळी पुढे अप्सरा, हरिणी, वेल, भुंगा, हत्ती, हंस अशी वळणं घेत रुद्रापर्यंत पोहोचते. इथे वास्तू नाही, माणूसच दालन आहे. पण परतीची सोय पाहा: रुद्राला सगळं आठवतं, आणि तो मागे जाऊन भिक्षूला, जीवटाला आणि बाकीच्यांनाही जागं करतो. झोपलेल्यांतलं कुणी वाऱ्यावर सुटत नाही.

नेमका हाच हिशेब १४९९ साली व्हेनिसमध्ये छापलेल्या ‘हिप्नेरोतोमाकिया पोलिफिली’ या स्वप्नकथेत चुकला. पोलिफिलो झोपतो, स्वप्नातल्या घनदाट रानात भटकून दमतो आणि झाडाखाली पुन्हा झोपतो. दुसऱ्या स्वप्नात दरी अडवून उभा असलेला अजस्र पिरॅमिड दिसतो, १४१० पायऱ्यांचा, वर ओबेलिस्क, म्हणजे टोकदार चौकोनी दगडी स्तंभ. पुढे तीन दारं येतात आणि तो मधलं निवडतो. इमारतींची मापं इतकी बारकाईनं दिली आहेत की गवंडी कामाला लागावा. शेवटी मात्र झोप दोनदा लागलेली असून जाग एकदाच येते. मधला थर सरळ गळून पडतो.

त्यानंतर अडीचशे वर्षांनी पिरानेसी या इटालियन चित्रकारानं छपाईसाठी काल्पनिक तुरुंगांची चित्रं धातूच्या पट्टांवर कोरली: १७५०च्या सुमारास १४ पट्ट, १७६१च्या आवृत्तीत १६, जास्त काळोखी आणि जास्त जिन्यांची. इंग्रज लेखक डी क्विन्सीनं १८२१मध्ये त्यांचं वर्णन केलं, तेही न पाहता, कवी कोलरिजकडून ऐकून: जिन्यावर खुद्द पिरानेसी, वर नवा जिना, तिथेही तोच. असा पट्ट मालिकेत नाहीच. पण पुढच्या स्वप्नवास्तूंवर छाप पडली ती या ऐकीव जिन्याची. १९५८मध्ये पेनरोज या ब्रिटिश शास्त्रज्ञ पिता-पुत्रांनी कधीच न संपणाऱ्या पायऱ्यांची आकृती प्रसिद्ध केली, १९६०मध्ये डच चित्रकार एशरनं तिच्यावरून शिळाछाप, म्हणजे दगडावरून छापलेलं चित्र केलं.

२०१०च्या ‘इन्सेप्शन’ या चित्रपटात याच पायऱ्या येतात आणि सोबत वेळेचं गणित. दर थराला वेळ वीसपट. दहा तासांची झोप पहिल्या थरात २०० तास, म्हणजे आठवड्याहून थोडी जास्त. दुसऱ्यात ४,००० तास, साडेपाच महिने. तिसऱ्यात ८०,००० तास, सुमारे नऊ वर्षं. स्वतः रचना करणाऱ्यानं हा गुणाकार आधी कागदावर मांडावा. पहिल्या थरात एका मिनिटाचा उशीर झाला तर तिसऱ्यात वीस गुणिले वीस, म्हणजे ४०० मिनिटं खपतात आणि खालचा पाहुणा जवळपास पावणेसात तास ताटकळतो. म्हणून चित्रपटात जागं करणारे धक्के एकमेकांशी जुळवावे लागतात आणि इशारा म्हणून गाणं वाजतं. पुन्हा कानच.

प्रत्यक्ष चालून जाण्याजोग्या वास्तूही झाल्या. १९३९च्या न्यूयॉर्क जागतिक प्रदर्शनात चित्रकार दालीचं ‘ड्रीम ऑफ व्हीनस’ दालन होतं. अमेरिकेतल्या सांता फे इथे २०१६मध्ये जुन्या बोलिंग ॲलीत उघडलेल्या ‘हाउस ऑफ इटर्नल रिटर्न’मध्ये फ्रिजचं दार उघडून पलीकडच्या जगात शिरता येतं. फ्रिजची युक्ती चालते, कारण तो स्वयंपाकघरात त्याच्या जागीच असतो; चमचमत्या कमानीवर पाहुणा आधीच सावध होतो.

खऱ्या इमारतीत गोची होते ती दारांची. दार दोन्ही बाजूंनी उघडलं की लोक आल्या वाटेनं मागे फिरतात आणि तिसरा थर पहिल्याच्या आधी पाहतात. एकाच बाजूनं उघडणारं केलं तर आगीच्या वेळी माणूस अडकतो, म्हणून प्रत्येक थरातून थेट बाहेर जाणारी वेगळी वाट ठेवावीच लागते. ती झाकून टाकता येत नाही, तिच्यावरचा दिवाही विझवता येत नाही. स्वप्नाच्या भिंतीत तो हिरवा दिवा सतत जळत असतो, आणि नकाशात सर्वांत आधी जागा त्याचीच ठरवावी लागते.