बूट एक, समुद्र अनेक

इटलीचा नकाशा शाळकरी पोरालाही ओळखता येतो. भूमध्य समुद्रात शिरलेला बूट, पश्चिमेला वर लिगुरियन आणि खाली टिरेनियन समुद्र, टाचेखाली आयोनियन आणि पूर्वेला एड्रिॲटिक. छापताना सगळ्यांना एकच निळा रंग देतात, आणि घोटाळा तिथेच होतो. टिरेनियन समुद्र 3,500 मीटरहून जास्त खोल आहे. एड्रिॲटिकच्या उत्तर टोकाला मात्र बहुतेक ठिकाणी 50 मीटरही पाणी नाही. ‘उन्हाळा कोरडा, हिवाळा पावसाचा’ हा भूगोलाच्या पुस्तकातला शिक्का ढोबळमानाने ठीक आहे, पण दोन्ही किनाऱ्यांचा स्वभाव वेगळा का, हे त्यातून कळत नाही. त्यासाठी पाण्याची खोली बघावी लागते.

आधी खोल बाजू. भूमध्य समुद्राचं अटलांटिककडचं दार म्हणजे जिब्राल्टरची सामुद्रधुनी. तिथे तळ उंबरठ्यासारखा वर आलेला आहे आणि त्यावर जेमतेम 300 मीटर पाणी आहे. अटलांटिकच्या खोल थरातलं 2-3 अंशांचं गार पाणी तो उंबरठा ओलांडून आत येऊच शकत नाही. त्यामुळे टिरेनियन समुद्रात 3,000 मीटर खाली गेलात तरी पाणी 13 अंशांच्या आसपासच असतं. हिवाळ्यात वरचं पाणी थंड होऊन खाली बसायला लागलं, की खालून वर येणारंही तेवढंच कोमट. किनाऱ्याला ही शेगडी फुकट मिळालेली आहे. लिगुरियन किनाऱ्यावरच्या जेनोआत जानेवारीचं सरासरी तापमान 8 अंशांच्या घरात असतं. डोंगर ओलांडून सव्वाशे किलोमीटरवरच्या मिलानमध्ये त्याच महिन्यात माणसं धुक्यात कुडकुडत असतात.

या उबेची वसुली शरद ऋतूत होते. ऑक्टोबरात जमीन गार झालेली असते, समुद्र मात्र उन्हाळ्याची ऊब धरून असतो. दक्षिणेकडून येणारा वारा त्या पाण्यावरून भरपूर बाष्प उचलतो. त्याच वेळी उत्तरेच्या पो खोऱ्यातली गार, जड हवा डोंगरांतल्या खिंडींमधून घरंगळत जेनोआच्या आखातात उतरते. दोन्ही वारे समोरासमोर भिडले की दमट हवा वर ढकलली जाते आणि ढग एकाच जागी तासन् तास बनत राहतात. मागे लगेच ॲपेनाइन्स डोंगररांगेचा चढ, नद्या आखूड आणि उताराच्या, म्हणजे पडलेलं पाणी लगेच शहरात. 7-8 ऑक्टोबर 1970 ला जेनोआच्या बोल्झानेतो भागात 24 तासांत 948 मिलिमीटर पाऊस झाला. 26 जुलै 2005 ला सांताक्रूझला 944 झाला होता. फरक इतकाच की आपला तो भर पावसाळा होता. तिथे नुकताच कोरडा उन्हाळा सरलेला. जेनोआतल्या बिसान्यो नदीचा शेवटचा टप्पा माणसांनी आधीच रस्त्याखाली झाकून टाकला होता. नदीला असं कोंडलं की काय होतं, ते मिठीकाठच्या लोकांना वेगळं सांगायला नको.

आता पूर्वेकडे. एड्रिॲटिक हा सुमारे 800 किलोमीटर लांब, अरुंद आणि उत्तरेकडे उथळ होत जाणारा पट्टा. सुमारे 20,000 वर्षांपूर्वी हिमयुगात समुद्राची पातळी शंभरेक मीटरनी खाली होती, तेव्हा त्याचा उत्तर भाग कोरडं मैदान होता आणि पो नदी त्यातून आजच्यापेक्षा कितीतरी पुढे वाहत होती. एवढ्या थोड्या पाण्यात ऊब साठणार किती? हिवाळ्यात ईशान्येकडून ‘बोरा’ हा थंड, कोरडा वारा सुटतो. त्रिएस्ते शहरात तो ताशी 100 किलोमीटर सहज ओलांडतो. चालताना धरायला तिथे रस्त्याकडेला दोर बांधत असत. बोरामुळे उथळ पाणी भराभर गार होतं, जड होतं आणि तळाला लागून दक्षिणेकडे सरकतं. शेवटी ते आयोनियन समुद्राच्या खोलात ओघळतं. म्हणजे उत्तरेच्या वाऱ्याची थंडी शेकडो किलोमीटरवरच्या समुद्रतळापर्यंत पोचते.

दुसरा वारा उलट दिशेचा. सहारातून निघालेला ‘सिरोको’ या पट्ट्यात शिरतो आणि पाणी लांबीच्या दिशेने व्हेनिसकडे रेटतो. वाऱ्याचा जोर तोच असला तरी खोल समुद्रात पाणी फारसं फुगत नाही. उथळ समुद्रात ते किनाऱ्याशी चढत जातं. त्यात भरती मिळाली की व्हेनिस पाण्यात. 4 नोव्हेंबर 1966 ला पातळी 194 सेंटिमीटरपर्यंत गेली, 12 नोव्हेंबर 2019 ला 187. त्यानंतर 3 ऑक्टोबर 2020 ला व्हेनिसचं पाणी अडवणाऱ्या ‘मोसे’ या बांधाची दारं पहिल्यांदा खऱ्या भरतीत वर आली. खाजणाच्या तीन तोंडांशी तळाला निजवलेली अशी 78 दारं आहेत. हवा भरली की ती उभी राहतात.

वारा पडला तरी व्हेनिसच्या पाण्याचा अंदाज बांधणाऱ्यांचं काम संपत नाही. उत्तर टोकाला साचलेलं पाणी परत फिरतं आणि पूर्ण एड्रिॲटिक लांबीच्या दिशेने हेलकावू लागतो. एका हेलकाव्याला साधारण 22 तास लागतात आणि तो शमायला काही दिवस जातात. म्हणून दुसऱ्या दिवशी आकाश निरभ्र असलं, तरी परतलेला हेलकावा आणि भरती एका वेळी आली तर दारं पुन्हा उचलावी लागतात.