पॉल बटरफील्ड ब्लूज बँड: शिकागोच्या क्लबांतून ‘ईस्ट-वेस्ट’पर्यंत

साठच्या दशकातली लंडनची पोरं ब्लूज, म्हणजे अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांचं संगीत, शिकली ती मुख्यतः रेकॉर्डी घासून. पॉल बटरफील्डला शिकागोचा नामांकित ब्लूज गायक मडी वॉटर्स हाकेच्या अंतरावर ऐकायला मिळत होता. शिकागोच्या हाइड पार्क भागात वाढलेला हा गोरा मुलगा आणि तिथल्या विद्यापीठात पदार्थविज्ञान शिकायला आलेला एल्विन बिशप, दोघेही साउथ साइडच्या कृष्णवर्णीय वस्तीतल्या क्लबांत पडीक असत. बटरफील्डचा माउथ ऑर्गन तिथेच तयार झाला.

पुढे त्यानं हाउलिन वुल्फ या शिकागोच्याच बड्या ब्लूज गायकाच्या ताफ्यातले जेरोम अरनॉल्ड (बेस) आणि सॅम ले (ड्रम) हे दोघे जास्त पैसे देऊन आपल्याकडे वळवले. काळे-गोरे एकाच बँडमध्ये ही त्या वेळी अमेरिकेत साधी गोष्ट नव्हती. पण माझ्या मते खरी कमाई वेगळी होती: ठेका अस्सल शिकागोचा मिळाला. मग गिटारवर माइक ब्लूमफील्ड आला आणि ऑक्टोबर 1965 मध्ये पहिला अल्बम निघाला.

त्याआधी जुलैत न्यूपोर्टचा लोकसंगीत महोत्सव गाजला होता. लोकसंगीताचे अभ्यासक अॅलन लोमॅक्स यांनी बँडची ओळख अशा काही खवचट सुरात करून दिली की मॅनेजर अल्बर्ट ग्रॉसमन त्यांच्या अंगावर धावून गेला आणि दोघे धुळीत लोळले! त्याच महोत्सवात बॉब डिलन पहिल्यांदा विजेची गिटार घेऊन उभा राहिला, तेव्हा साथीला ब्लूमफील्ड, अरनॉल्ड आणि ले होते. बटरफील्ड मात्र नव्हता.

1966 चं ‘ईस्ट-वेस्ट’ हे बँडचं वादन आपल्या कानांना विशेष वाटावं असं आहे. ब्लूजची चाल सहसा बारा बारच्या (मात्रांच्या बारा गटांच्या) आवर्तनात, ठरलेल्या तीन कॉर्डांवर (एकत्र वाजणाऱ्या स्वरांच्या गुच्छांवर) फिरते. इथे तेरा मिनिटं खाली जवळजवळ एकच षड्ज धरलेला, आणि त्यावर गिटारी आळीपाळीनं विस्तार करतात. ब्लूमफील्डला ही कल्पना भारतीय संगीतावरून सुचली. राग म्हणाल तर नाही. ना आलापाची शिस्त, ना वादी-संवादी. पण सॅन फ्रान्सिस्कोच्या बँडांनी लांबलचक वादनाचा धडा इथून घेतला.

1967 मध्ये ब्लूमफील्ड बाहेर पडला. बटरफील्डनं ब्रासवाले (पितळी फुंकवाद्यं वाजवणारे) घेतले, 1969 च्या वुडस्टॉक संगीत महोत्सवातही वाजवलं. 1971 मध्ये बँड मोडला. 1981 मध्ये ब्लूमफील्ड गेला, 1987 मध्ये बटरफील्ड, अवघ्या 44 व्या वर्षी. रॉक अँड रोल हॉल ऑफ फेमला त्यांची आठवण झाली ती 2015 मध्ये. मडी वॉटर्सनं मात्र त्यांना फार आधीच आपलं म्हटलं होतं. 1969 च्या त्याच्या अल्बमवर बटरफील्ड आणि ब्लूमफील्ड वाजवतात, ड्रमवर सॅम ले आहे, आणि अल्बमचं नाव ‘फादर्स अँड सन्स’.