बालसाहित्य व बालचित्रपट : मराठवाडा

मूल नायक असलेली कलाकृती आणि मुलांसाठी निर्माण केलेली कलाकृती हे दोन प्रकार पुष्कळदा एकच मानले जातात. मराठवाड्यापुरते पाहता पहिल्या प्रकारात ठळक काम झाले आहे. दुसऱ्या प्रकारात साहित्य बऱ्यापैकी रुजले, चित्रपट मात्र फारसा रुजलेला नाही.

मुलांसाठी लिहिणारा आणि चित्रपटही करणारा कलावंत भारतात विरळाच आढळतो. बंगालमध्ये सत्यजित राय यांनी आपल्याच गुप्तहेरकथेवर ‘सोनार केल्ला’ (१९७४) काढला. मराठीत सई परांजपे यांचे नाव आधी घ्यावे लागते. त्यांचे ‘मुलांचा मेवा’ हे पुस्तक त्या आठ वर्षांच्या असताना प्रसिद्ध झाले. पुढे त्यांनी बालनाट्ये लिहिली, ‘जादू का शंख’ व ‘सिकंदर’ हे बालचित्रपट केले आणि बालचित्रपटांसाठी १९५५ मध्ये स्थापन झालेल्या केंद्र सरकारच्या चिल्ड्रन्स फिल्म सोसायटीचे अध्यक्षपदही सांभाळले. एरवी मराठीत लेखक एक आणि दिग्दर्शक दुसरा अशीच वाटणी दिसते. साने गुरुजींच्या ‘श्यामची आई’वर आचार्य अत्रे यांनी १९५३ मध्ये केलेल्या चित्रपटाला राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णकमळ मिळाले, तेही याच वाटणीतून.

मराठवाड्यात या परंपरेला उशिरा सुरुवात होण्याचे कारण राजकीय आहे. १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत हा प्रदेश निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता आणि सरकारी माध्यमिक शिक्षण उर्दूतून चाले. हिप्परगा व अंबाजोगाई येथील राष्ट्रीय वळणाच्या शाळांनी मराठी जपली खरी, पण पुण्या-मुंबईत मुलांची मासिके निघत होती, त्या काळात येथील बहुसंख्य मुलांच्या हाती मराठी क्रमिक पुस्तकसुद्धा नव्हते. ही उणीव शाळेमार्फतच भरून निघाली. १९६७ मध्ये पाठ्यपुस्तक मंडळ अर्थात बालभारती स्थापन झाली आणि १९७१ पासून तिचे ‘किशोर’ मासिक निघू लागले. अलीकडच्या काळात नांदेडचे सुरेश सावंत यांच्या ‘आभाळमाया’ या कवितासंग्रहाला साहित्य अकादमीचा २०२५ चा बालसाहित्य पुरस्कार मिळाला. आदल्या वर्षी तो भारत सासणे यांच्या ‘समशेर आणि भूतबंगला’ या कादंबरीला मिळाला होता. सासणे यांचा जन्म जालन्याचा. उदगीर येथे २०२२ मध्ये भरलेल्या ९५ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते.

साहित्यातून चित्रपटात गेलेले येथील सर्वांत महत्त्वाचे उदाहरण ‘दशक्रिया’ हे आहे. या कादंबरीचे लेखक बाबा भांड मूळचे पैठण तालुक्यातील वडजीचे असून साकेत प्रकाशनाचे संस्थापक आहेत. कुमारवयीन वाचकांसाठीही त्यांनी विपुल लिहिले आहे. कादंबरीचा नायक भान्या हा पैठणच्या गोदाकाठचा शाळकरी मुलगा. घाटावर दहाव्याचे विधी होतात, पिंडाला कावळा शिवण्याची वाट पाहत नातेवाईक ताटकळतात, आणि भान्या मात्र पाण्यात उतरून चाळणीने राख चाळत असतो, कारण राखेबरोबर नदीत पडलेली नाणी त्यातून हाती लागतात. मरणावर चालणारे घाटावरचे सगळे अर्थकारण लेखकाने या मुलाच्या नजरेतून उभे केले आहे. संदीप पाटील दिग्दर्शित चित्रपटाला ६४ व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा मान मिळाला. संजय कृष्णाजी पाटील यांना पटकथेसाठी, तर मनोज जोशी यांना सहायक अभिनेता म्हणून गौरवण्यात आले. नोव्हेंबर २०१७ मधील प्रदर्शनाच्या वेळी काही संघटनांनी विरोध केला होता. त्या वादात सगळी चर्चा मोठ्या माणसांच्या श्रद्धेभोवतीच फिरत राहिली आणि शाळा बुडवून नाणी शोधणारा मुलगा बाजूला पडला, असे म्हणावे लागते.

मराठवाड्याच्या अगदी वेशीवरचे बार्शी सोलापूर जिल्ह्यात मोडते. बोली आणि बाजारपेठ या दृष्टीने मात्र ते धाराशिव-लातूरला जवळचे आहे. तेथील अमर देवकर यांच्या ‘म्होरक्या’ला ६५ व्या, तर विनोद कांबळे यांच्या ‘कस्तुरी’ला ६७ व्या राष्ट्रीय पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट बालचित्रपट म्हणून निवडले गेले. ‘म्होरक्या’तील आश्या हा शेळ्या राखणारा मुलगा असून प्रजासत्ताक दिनाच्या संचलनाचे नेतृत्व करायला मिळावे, एवढीच त्याची आस आहे. गणवेश, बूट आणि कवायतीतला आवाज या शाळकरी गोष्टींवर त्याची सारी भिस्त असल्याने हा चित्रपट मुलांना समजावून सांगावा लागत नाही. ‘दशक्रिया’ तेवढा सोपा नाही.

प्रेक्षकापर्यंत पोहोचण्याचा प्रश्न याहून बिकट आहे. जत्रांबरोबर फिरणारे टुरिंग टॉकीज आणि शाळेच्या वर्गांना रांगेने सकाळच्या खेळाला नेण्याची पद्धत, हे ग्रामीण मुलांचे सिनेमाशी जुने नाते होते. ते दोन्ही मार्ग आता जवळजवळ बंद झाले आहेत. चिल्ड्रन्स फिल्म सोसायटी २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. तिचा आंतरराष्ट्रीय बालचित्रपट महोत्सव हैदराबादला, म्हणजे मराठवाड्याच्या जुन्या राजधानीत भरत असे. नांदेडहून तेथे जाणे मुंबईपेक्षा सोयीचे, तरी त्याचा लाभ येथील शाळांना क्वचितच झाला असावा. त्यातही बीड व आसपासच्या जिल्ह्यांतील ऊसतोड कामगारांची मुले दिवाळीनंतर टोळीबरोबर कारखान्यांकडे जातात आणि उन्हाळ्यापर्यंत फडाजवळच्या कोपीत राहतात. शाळेच्या वाचनालयातील पुस्तक काय किंवा शाळेत दाखवलेला चित्रपट काय, वर्षाचा निम्मा काळ ही मुले त्या पटावर हजरच नसतात. गावी ठेवलेल्या मुलांसाठी हंगामी वसतिगृहांची योजना आहे. संध्याकाळी मुले एकत्र सापडण्याची तीच एक जागा असल्याने पुस्तकाची पेटी किंवा चित्रपटाचा पडदा तेथे नेणे सर्वांत सोपे आहे.