डीकन जोन्स आणि न मोजलेले सॅक : पार्श्वभूमी

अमेरिकी व्यावसायिक फुटबॉलमध्ये हंगामात सर्वाधिक सॅक करणाऱ्या, म्हणजे चेंडू फेकू पाहणाऱ्या प्रतिस्पर्धी क्वार्टरबॅकला तो फेकण्याआधीच मागे पाडणाऱ्या, खेळाडूला लीगकडून मिळणारा पुरस्कार २०१३ पासून डीकन जोन्स यांच्या नावाने दिला जातो. त्याच लीगच्या अधिकृत आकडेवारीत मात्र जोन्स यांच्या खात्यावर एकही सॅक नाही. यात नजरचूक कोणाचीही झालेली नाही. खेळाडूच्या नावावर सॅक मांडण्याची पद्धत लीगने १९८२ मध्ये सुरू केली आणि जोन्स १९७४ चा हंगाम संपवून निवृत्त झाले होते. त्यांच्या कारकिर्दीविषयी आज जो वाद उरला आहे, तो जवळजवळ सगळा या मधल्या वर्षांतून निघालेला आहे.

जोन्स यांचा जन्म ९ डिसेंबर १९३८ रोजी फ्लोरिडातील ईटनव्हिल या कृष्णवर्णीयांच्या जुन्या नगरात झाला. साउथ कॅरोलायनातील महाविद्यालयात असताना नागरी हक्कांच्या निदर्शनांत भाग घेतल्यावरून त्यांची शिष्यवृत्ती काढून घेण्यात आली आणि पुढचा खेळ मिसिसिपीतील एका लहान महाविद्यालयातून झाला. लॉस एंजेलिसच्या संघाचे निरीक्षक भलत्याच खेळाडूची चित्रफीत पाहत असताना, धावणाऱ्याला मागून गाठणारा हा आडदांड गडी त्यांच्या नजरेत भरला, अशी हकिकत सांगितली जाते. १९६१ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे संघांनी नवे खेळाडू पाळीपाळीने निवडण्याच्या प्रक्रियेत, चौदाव्या फेरीत, १८६ व्या क्रमांकावर त्यांची निवड झाली. टेलिफोनच्या पुस्तकात डेव्हिड जोन्स नावाची माणसे फार, म्हणून ‘डीकन’ हे चर्चमधल्या सेवकाचे बिरुद त्यांनी स्वतःच स्वतःला लावून घेतले.

लॉस एंजेलिसमधील अकरा हंगामांत ते बचावफळीच्या डाव्या टोकाला, डिफेन्सिव्ह एंड म्हणून खेळले. १९६३ पासून त्यांच्यासह चौघांची जी फळी जमली, तिची आठवण त्या शहरात अजून काढली जाते. त्या काळी या जागेवरचा भारदस्त खेळाडू समोरच्याला रेटत जागा धरून ठेवी. जोन्स मात्र साडेसहा फुटांच्या आसपासची उंची घेऊन मैदानाच्या एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत धावत. त्यांचे हत्यार होते हेड स्लॅप. चेंडू हलताक्षणी उघड्या तळव्याचा फटका समोरच्या लाइनमनच्या, म्हणजे वाट अडवणाऱ्या खेळाडूच्या, हेल्मेटवर, कानाच्या बाजूने बसे. डोक्यावर काही आदळले की माणूस पापणी मिटतो आणि क्वार्टरबॅककडे निघायला तेवढी उसंत पुरते, असे त्यामागचे गणित ते सांगत. न्यूयॉर्कहून संघात आलेल्या एका सहकाऱ्याकडून ही युक्ती त्यांनी उचलली होती. आपण ती शोधली नाही हे मान्य करताना, चित्रकलाही रेम्ब्रांटने शोधली नव्हती, अशी पुस्ती ते जोडत. लीगने १९७७ मध्ये हेड स्लॅपवर बंदी घातली आणि डोक्यावरच्या आघातांविषयी पुढे जे बाहेर आले ते पाहता ती बंदी योग्यच म्हणावी लागेल. लगेच १९७८ मध्ये क्वार्टरबॅकचे रक्षण करणाऱ्या लाइनमनना हात लांबवून, पंजे उघडे ठेवून अडवण्याची मुभा मिळाली. एकाचे हत्यार गेले आणि दुसऱ्याला ढाल मिळाली, ती एका वर्षाच्या अंतराने.

१९७२ मध्ये त्यांना सॅन डिएगोला धाडण्यात आले आणि १९७४ चा अखेरचा हंगाम वॉशिंग्टनमध्ये, लॉस एंजेलिसच्या काळातल्याच एका प्रशिक्षकाच्या हाताखाली गेला. त्या वर्षीच्या साखळीतील शेवटच्या सामन्यात टचडाउननंतरची एक गुणाची किक मारायला संघाने त्यांना पुढे केले आणि त्यांनी ती अचूक मारली. चौदा हंगामांतील १९६ सामन्यांपैकी ते केवळ ५ सामन्यांना मुकले. अधिकृत पुस्तकात त्यांच्या नावावर हा गुण आहे, सॅक नाहीत.

‘सॅक’ हा शब्दच गुंत्याचा आहे. मराठीत सॅक म्हटले की पाठीवरचे दप्तर डोळ्यांसमोर येते. इंग्रजीत त्याचा एक अर्थ गोण आणि दुसरा अर्थ शहराची लूट. जोन्स यांनी वेगवेगळ्या प्रसंगी दोन्ही अर्थ वापरले. कधी ते म्हणत की शहर जसे लुटून उद्ध्वस्त करतात तसे हे. कधी म्हणत की समोरच्या सगळ्या लाइनमनना गोणपाटात कोंबून बडवायचे, अशी ती कल्पना होती. शब्द आपणच रूढ केला, हा त्यांचा दावा बहुतेकांनी स्वीकारला असला तरी काही जण त्याचे श्रेय त्या काळच्या एखाद्या प्रशिक्षकाला देतात. एवढे खरे, की जोन्स खेळू लागले तेव्हा या कृतीला एकच ठरलेले नाव नव्हते. लीगच्या कागदांवर ती ‘पास टाकताना झालेले नुकसान’ अशा धर्तीच्या शब्दांत येई, आणि त्या वर्णनात नुकसान करणाऱ्याला जागाच नव्हती.

इथेच मोजणीचा प्रश्न सुरू होतो. क्वार्टरबॅक किती वेळा मागे पाडला गेला, याची नोंद लीगने १९६१ पासून ठेवली. म्हणजे जोन्स आले त्याच वर्षापासून कृती मोजली जात होती, फक्त ती कोणी केली हे लिहिले जात नव्हते. हे बदलायला १९८२ उजाडले. तो हंगामही खेळाडूंच्या संपामुळे १६ सामन्यांऐवजी ९ सामन्यांचा झाला आणि पहिला अधिकृत उच्चांक अवघ्या ११.५ सॅकचा ठरला. दोघांनी मिळून पाडले तर प्रत्येकाला अर्धा, हा नियमही तेव्हापासूनचा. लीगने ही नोंद मागच्या वर्षांना लागू केली नाही. या भूमिकेच्या बाजूने एक रास्त मुद्दा आहे. तोपर्यंत संघ आपापले आकडे आपापल्या पद्धतीने ठेवत आणि कोणाला पूर्ण श्रेय, कोणाला अर्धे, याचा एकच नियम नव्हता. जोन्स यांचेच उदाहरण घेतले तरी १९६७ च्या हंगामासाठी जुन्या मजकुरांत २६ सॅकचा आकडा फिरत असे. तो आता २१.५ धरला जातो. अशा फरकावर विक्रम कसा उभा करायचा, हा प्रश्न टाळता येत नाही.

परंतु हा फरक निघाला तो मोजूनच, हेही लक्षात घ्यायला हवे. खेळाच्या इतिहासाचा नाद असलेल्या मोजक्या मंडळींनी जुन्या सामन्यांची टंकलिखित इतिवृत्ते आणि संघांनी जपलेल्या चित्रफिती मिळवून एकेक खेळी तपासली. कागदावर केवळ ‘क्वार्टरबॅक ७ यार्ड मागे’ असे असेल तर चित्रफीत शोधायची, आणि चिखलात बरबटलेल्या जर्सीवरचा आकडा जोन्स यांचा ७५ आहे की शेजारच्या गड्याचा, हे ठरवायचे, अशा स्वरूपाचे हे काम. लाडक्या खेळाडूचे आकडे फुगवायचे असते, तर २६ चे २१.५ झाले नसते. हे सारे काम २०२१ मध्ये एका आकडेवारीच्या संकेतस्थळाने १९६० पासूनच्या यादीच्या रूपात सर्वांसाठी खुले केले. तीत जोन्स यांच्या नावावर १७३.५ सॅक आहेत. अधिकृत यादीतील पहिल्या दोघांचे २०० आणि १९८ त्यांच्या वर राहतात. मात्र ते अनुक्रमे २७९ आणि २३२ सामन्यांत आले, तर जोन्स यांचे १९१ सामन्यांत. प्रत्येक सामन्यामागे पाहिले तर त्यांचे ०.९१, दुसऱ्या क्रमांकाच्या खेळाडूचे ०.८५ आणि पहिल्याचे ०.७२ पडतात. शिवाय साठच्या दशकात हंगाम १४ सामन्यांचा होता आणि चेंडू फेकण्याचे प्रसंगही आजच्यापेक्षा कमी येत.

याच्या शेजारी २००१ च्या हंगामातला प्रसंग ठेवण्याचा मोह आवरत नाही. १९८४ चा २२ सॅकचा विक्रम मोडायला न्यूयॉर्कच्या एका डिफेन्सिव्ह एंडला एकच सॅक हवा होता. ६ जानेवारी २००२ रोजी, शेवटच्या सामन्यात ग्रीन बेचा क्वार्टरबॅक चेंडू घेऊन उजवीकडे निघाला आणि हा डिफेन्सिव्ह एंड पुढ्यात येताच आपणहून जमिनीवर बसला; वरून त्याचा हात लागला आणि पुस्तकात २२.५ लिहिले गेले. दोघांची जुनी मैत्री होती, एवढे सांगून बरेच समालोचक तेव्हा थांबले. पिट्सबर्गच्या खेळाडूने या आकड्याची बरोबरी २०२१ मध्ये, म्हणजे हंगाम १७ सामन्यांचा झाला त्या पहिल्याच वर्षी केली. आणि त्याआधी, १९७८ मध्ये, डेट्रॉइटच्या एका नवख्या खेळाडूने एका हंगामात २३ सॅक केले होते, हे नव्या तपासणीत दिसते. त्याचाही गुन्हा एवढाच, की चार वर्षे लवकर खेळला.

जोन्स यांना १९८० मध्ये या खेळाच्या सन्मान-दालनात प्रवेश मिळाला. लीगच्या ७५ वर्षांनिमित्त १९९४ मध्ये आणि १०० वर्षांनिमित्त २०१९ मध्ये निवडलेल्या दोन्ही सर्वकालीन संघांत ते आहेत. जून २०१३ मध्ये कॅलिफोर्नियात त्यांचे निधन झाले आणि पुरस्काराला त्यांचे नाव देण्याचा निर्णय त्याच वर्षी झाला.

२०२१ च्या यादीला लीगची मान्यता नाही. तरीही वृत्तपत्रांतून आता १७३.५ हाच आकडा ‘अनधिकृत’ हे विशेषण लावून छापला जातो. यादीची सुरुवात १९६० पासून असल्यामुळे तिचीही एक सीमारेषा तयार झाली आहे. बाल्टिमोरमध्ये नावारूपाला आलेल्या आणि जोन्स यांच्या आधी या जागेवरचा सर्वोत्तम मानल्या गेलेल्या डिफेन्सिव्ह एंडचे १९५२ ते १९५९ हे पहिले आठ हंगाम तिच्या पलीकडे राहिले आहेत.