बो जॅक्सनचा खुबा

हाड मेलं तरी ते लगेच मोडत नाही. रक्तपुरवठा तुटला की हाडातल्या पेशी काही तासांतच मरू लागतात, पण त्या पेशींनी रचलेला खनिजांचा सांगाडा तसाच उभा असतो आणि वजनही पेलतो. माणूस चालतो, एक्स-रे स्वच्छ येतो. पडझड होते ती पुढच्या काही महिन्यांत, आणि ती करतं शरीरच, मेलेल्या भागाची दुरुस्ती करता करता. अमेरिकन फुटबॉलने पाहिलेल्या सर्वात ताकदवान धावपटूंपैकी एक, बो जॅक्सन, याची त्या खेळातली कारकीर्द याच कारणाने वयाच्या 28व्या वर्षी संपली.

हा खेळ आपल्याकडे फारसा पाहिला जात नाही, म्हणून जॅक्सनचं काम काय होतं ते आधी सांगतो. मैदान 100 यार्डांचं, दोन्हीकडे 11-11 खेळाडू. चेंडू ज्या संघाकडे आहे त्याला चार प्रयत्नांत किमान 10 यार्ड पुढे सरकावं लागतं. सरकला तर पुन्हा चार प्रयत्न, नाही तर चेंडू गेला. क्वार्टरबॅक एकतर चेंडू लांब फेकतो, नाहीतर शेजारून धावत येणाऱ्या रनिंग बॅकच्या पोटाशी देतो. रनिंग बॅकने तो छातीशी घट्ट धरायचा, समोर एकमेकांना भिडलेल्या सव्वाशे-दीडशे किलोच्या माणसांमध्ये फट शोधायची आणि घुसायचं. ती फट क्षणभरच उघडी असते. कबड्डीत चढाईला जाणाऱ्याला ठाऊक असतं की पाय पकडायला कुणीतरी टपलेलंच आहे. रनिंग बॅकचंही तसंच, फक्त इथे पकडणारे पूर्ण वेगाने धावत येऊन आदळतात.

त्यामुळे ही जागा माणसाला लवकर झिजवते. 2006 मध्ये कॅन्सस सिटी चीफ्सच्या लॅरी जॉन्सनने एका हंगामात 416 वेळा चेंडू घेऊन धाव घेतली. तो विक्रम ठरला, पण नंतर जॉन्सनचा तसा हंगाम पुन्हा झाला नाही. रनिंग बॅकची सरासरी कारकीर्द अडीच-तीन वर्षांची भरते. एमिट स्मिथसारखा एखादाच 15 हंगाम टिकतो आणि 4,409 धावांमध्ये 18,355 यार्डांपर्यंत पोहोचतो. बाकीच्यांचे गुडघे, घोटे, खांदे हळूहळू उत्तर देतात.

जॅक्सन झिजलेला नव्हता. चार हंगामांत मिळून त्याने फक्त 515 वेळा चेंडू नेला. याचं कारण म्हणजे तो अर्धा वर्षभर दुसरा खेळ खेळत होता.

अलाबामा राज्यातल्या बेसमरमध्ये 1962 साली त्याचा जन्म झाला. दहा भावंडांतला तो आठवा. आई लोकांच्या घरी साफसफाईची कामं करायची. ऑबर्न विद्यापीठाकडून खेळताना 1985 मध्ये त्याला हाइझमन ट्रॉफी मिळाली, म्हणजे महाविद्यालयीन फुटबॉलमधला सर्वोच्च मान. व्यावसायिक संघ दरवर्षी महाविद्यालयीन खेळाडूंना क्रमाने निवडतात; पुढच्या वर्षीच्या त्या निवडीत टँपा बे बकनीअर्सने त्याला पहिला क्रमांक दिला, आणि त्याने नकार देऊन कॅन्सस सिटी रॉयल्सकडून बेसबॉल खेळणं पसंत केलं. 1987 मध्ये लॉस अँजेलिस रेडर्सने त्याला पुन्हा निवडलं आणि बेसबॉलचा हंगाम आटोपल्यावर फुटबॉलला ये, अशी मुभा दिली. म्हणून दरवर्षी ऑक्टोबरपर्यंत बेसबॉल, मग फुटबॉल. त्याच वर्षी 30 नोव्हेंबरला, आपल्या 25व्या वाढदिवशी, सिएटलमध्ये त्याने एका सामन्यात 221 यार्ड काढले. त्यातली एक धाव 91 यार्डांची होती. कारकिर्दीत त्याने एका धावेला सरासरी 5.4 यार्ड काढले. चार यार्डांच्या पुढची सरासरी या कामात चांगली मानतात. दोन वेगळ्या प्रमुख व्यावसायिक खेळांत ऑल-स्टार ठरलेला, म्हणजे हंगामातल्या निवडक सर्वोत्तम खेळाडूंच्या संघात आलेला, तो पहिला खेळाडू.

आता थोडं भौतिकशास्त्र. जॅक्सनचं वजन सुमारे 103 किलो. भरधाव असताना वेग सेकंदाला 9 मीटर धरला तर त्याची गतिज ऊर्जा होते साधारण 4,170 जूल. तितक्याच वजनाचा माणूस चार मीटर उंचीवरून खाली आला तर जमिनीला टेकताना एवढीच ऊर्जा त्याच्यात असते. धावणारा हळूहळू थांबला तर ही ऊर्जा स्नायूंमध्ये जिरते. तो पळत राहिला आणि कुणी त्याचा पाय धरून ठेवला, तर धड पुढे, पाय मागे, आणि सगळा हिशेब मधल्या सांध्याला चुकता करावा लागतो. तो सांधा म्हणजे खुबा.

13 जानेवारी 1991. लॉस अँजेलिसच्या कोलिझियममध्ये रेडर्स विरुद्ध सिनसिनाटी बेंगल्स, बाद फेरीचा सामना. तिसऱ्या सत्रात जॅक्सन उजव्या कडेने 34 यार्ड पळाला. केव्हिन वॉकर या बचावपटूने मागून झडप घालून त्याला पायाशी पकडलं. पकड साधीच होती, असल्या पकडी प्रत्येक सामन्यात डझनाने होतात. पण जॅक्सन थांबला नाही. धरलेला पाय सोडवून पुढचं पाऊल टाकायची त्याची धडपड चालू राहिली. तो खाली पडला तेव्हा डावा खुबा क्षणभर वाटीतून मागे सरकून परत आत बसला होता. सुरुवातीला दुखापत तितकी गंभीर वाटली नाही. दुसऱ्या एखाद्या खेळाडूचा पाय कदाचित गुडघ्यात मुडपला असता आणि तो तिथेच कोसळला असता. याच्या मांड्यांमध्ये एवढं बळ होतं की सगळा ताण वर खुब्यापर्यंत गेला. अफाट ताकद आणि ही दुखापत मला वेगळ्या करता येत नाहीत.

खुब्यात मांडीच्या हाडाचा गोल माथा कमरेच्या हाडातल्या खोलगट वाटीत बसतो. डॉक्टर आणि रुग्ण दोघेही त्याला सरसकट 'बॉल' म्हणतात, मी गोळा म्हणतो. शरीरातल्या अतिशय पक्क्या सांध्यांपैकी हा एक. साधं चालताना त्यावर शरीराच्या वजनाच्या अडीच-तीन पट भार येतो, पळताना पाचपट किंवा त्याहूनही अधिक. वाटी खोल, भोवती जाड अस्थिबंध, वरून स्नायूंचे थर. भार पेलण्याच्या दृष्टीने या सांध्यात खोट काढायला जागा नाही.

खोट आहे ती रक्ताच्या वाटेत. गोळा जवळजवळ सगळीकडून कूर्चेने, म्हणजे सांध्यातल्या गुळगुळीत, लवचिक थराने, मढवलेला असतो, आणि कूर्चेतून रक्तवाहिनी आत जात नाही. त्यामुळे रक्त यायला वाट उरते ती खालून, मांडीच्या हाडाच्या मानेवरून. मांडीतल्या एका धमनीची शाखा मानेला मागून वळसा घालते आणि तिचे बारीक फाटे हाडाला चिकटून वर चढतात. गोळ्याला बहुतेक रक्त याच फाट्यांतून मिळतं. वाटीच्या तळातून एक छोटी रक्तवाहिनी येते खरी, पण मोठ्या माणसात ती एकटी पुरी पडत नाही. म्हणजे शंभर किलोचं शरीर पेलणारा हा गोळा दोऱ्याएवढ्या वाहिन्यांवर जगत असतो, आणि गोळा मागे सरकला तर सर्वात आधी ताणल्या जातात त्या याच.

जॅक्सनच्या वाटीची मागची कड मोडली, कूर्चा दुखावली आणि रक्ताची वाट बंद पडली. अशा वेळी वाहिन्या फाटलेल्याच असाव्या लागतात असं नाही. सांध्याच्या बंद आवरणात रक्त साचून आतला दाब वाढला तरी त्या चेपल्या जातात.

इथून पुढचं जे घडतं, ते मला या सगळ्या प्रकरणातलं सर्वात विलक्षण वाटतं. हाड म्हणजे जिवंत ऊती. दोन प्रकारच्या पेशी त्यावर कायम काम करत असतात, एक जुनं हाड विरघळवून काढणाऱ्या आणि दुसऱ्या नवं हाड घालणाऱ्या. गोळ्याचा एखादा भाग मेला की आजूबाजूच्या जिवंत भागातून नव्या केशवाहिन्या त्यात शिरू लागतात आणि त्यांच्याबरोबर या दोन्ही पेशी येतात. मेलेलं काढून जिवंत भरायचं, हे बरोबरच आहे. पण काढण्याचं काम झपाट्याने होतं आणि भरण्याचं संथ. मधल्या काळात कूर्चेच्या लगेच खालचा, सर्वात जास्त भार सोसणारा पट्टा पोकळ आणि ठिसूळ होत जातो. माणूस तर त्यावर रोज हजारो पावलं टाकत असतो. मग एक दिवस कूर्चेखाली बारीक भेग पडते. एक्स-रेमध्ये ती चंद्रकोरीसारखी दिसते. त्यानंतर गोळा चपटा होतो, आणि चपटा गोळा गोल वाटीत फिरू लागला की उरलेली कूर्चाही खरवडून निघते. या विकाराला अ‍ॅव्हॅस्क्युलर नेक्रोसिस म्हणतात, बोलताना एव्हीएन.

जॅक्सनचं निदान मार्च 1991 मध्ये जाहीर झालं आणि रॉयल्सने त्याला मोकळं केलं. शिकागो व्हाइट सॉक्सने त्याला घेतलं आणि त्या हंगामाच्या शेवटी तो 23 सामने खेळलाही, दुखऱ्या खुब्यावर. पुढच्या वसंतात पळणंच अशक्य झालं आणि एप्रिल 1992 मध्ये खुबा बदलावा लागला.

कृत्रिम खुब्याचं आजचं रूप इंग्लंडमधल्या जॉन चार्नली यांनी 1960च्या दशकाच्या सुरुवातीला घडवलं. मांडीच्या हाडात रोवलेला धातूचा गोळा, वाटीच्या जागी दाट पॉलिथिलीनचं अस्तर. ते बनवलं होतं संधिवाताने जखडलेल्या वयस्कर माणसांना वेदनेशिवाय चालता यावं म्हणून. तरुण खेळाडूला तो बसवायला शल्यविशारद कचरत, कारण प्लास्टिक झिजून सुटणारे सूक्ष्म कण रोगप्रतिकारक पेशी गिळतात, त्यातून दाह होतो आणि हाड विरघळवणाऱ्या पेशी पुन्हा कामाला लागतात. म्हणजे शत्रू तोच. रोवलेला भाग यामुळे सैल होतो. 1990च्या दशकाच्या अखेरीस अधिक टिकाऊ पॉलिथिलीन आलं तेव्हा हा धोका पुष्कळ कमी झाला, पण जॅक्सनच्या वेळी ते नव्हतं.

तरीही तो परतला. 9 एप्रिल 1993 रोजी शिकागोत न्यूयॉर्क यांकीजविरुद्ध बदली फलंदाज म्हणून तो उतरला आणि बॅट पहिल्यांदा फिरवली तीच होम रन झाली, म्हणजे चेंडू थेट मैदानाबाहेर. कृत्रिम खुब्यानिशी मेजर लीग बेसबॉल खेळणारा तो पहिला माणूस. त्या हंगामात त्याने 16 होम रन मारल्या. 1994 चा हंगाम कॅलिफोर्निया एंजल्सकडून खेळून तो निवृत्त झाला. फुटबॉलकडे तो वळला नाही, वळणं शक्यच नव्हतं. बेसबॉलमध्ये खुब्याला पीळ पडतो, पण कुणी पाय धरून ठेवत नाही.

या प्रकरणाने क्रीडावैद्यकाला एक गोष्ट पक्की शिकवली: खुबा निसटून आपोआप परत बसला तरी ती साधी लचक समजायची नाही. 2003 मध्ये अमेरिकन शल्यविशारदांनी फुटबॉल खेळताना असा खुबा सरकलेल्या आठ जणांचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यातल्या दोघांच्या गोळ्याचं हाड पुढे मेलं. साचलेलं रक्त काढा, सहा आठवडे कुबड्यांवर ठेवा आणि मग एमआरआय करूनच खेळायचं ठरवा, असा त्यांचा आग्रह होता. एमआरआयचा आग्रह अशासाठी की मेलेला भाग त्यात भेग पडण्याच्या खूप आधी दिसतो, एक्स-रेमध्ये दिसत नाही.

16 नोव्हेंबर 2019 ला अलाबामा विद्यापीठाचा क्वार्टरबॅक टुआ टागोव्हायलोआ याचा उजवा खुबा सामन्यात पूर्ण निखळला आणि वाटीची मागची भिंत मोडली. कागदावर ही दुखापत जॅक्सनच्या दुखापतीहून भारी. पण गोळा मैदानावरच्या वैद्यकीय पथकाने तिथल्या तिथे जागेवर बसवला. निखळलेला खुबा सहा तासांच्या आत बसला तर गोळा वाचण्याची शक्यता बरीच वाढते. दोन दिवसांनी ह्यूस्टनमध्ये शस्त्रक्रिया झाली. एप्रिल 2020 मध्ये मायामी डॉल्फिन्सने त्याला पाचव्या क्रमांकावर निवडलं आणि ऑक्टोबरमध्ये तो व्यावसायिक सामन्यात उतरला.

आपल्याकडे एव्हीएन होतो तो बहुतेक वेळा फुटबॉलशिवायच. जास्त दिवस घेतलेली स्टिरॉइड, दारू, अपघातात मोडलेली मांडीच्या हाडाची मान ही नेहमीची कारणं. नंदुरबार, गडचिरोली आणि पूर्व विदर्भातल्या सिकलसेलच्या रुग्णांमध्ये विळ्याच्या आकाराच्या तांबड्या पेशी या बारीक वाहिन्यांत अडकून तोच परिणाम करतात. कोविडच्या दुसऱ्या लाटेनंतर, 2021 मध्ये, मुंबईच्या हिंदुजा रुग्णालयातल्या डॉ. संजय अगरवाला आणि सहकाऱ्यांनी स्टिरॉइड घेतलेल्या, चाळिशीच्या आतल्या तीन रुग्णांची नोंद प्रसिद्ध केली तेव्हा हे नाव वर्तमानपत्रांत आलं. जांघेत दुखणं हे मुख्य लक्षण. काहींना मात्र वेदना गुडघ्यातच जाणवते, कारण दोन्ही सांध्यांना एकाच मज्जातंतूच्या शाखा जातात, आणि मग महिनोन्‌महिने गुडघ्यावरच उपचार चालू राहतात.

गोळा चपटा होण्याआधी निदान झालं तर करण्यासारखं बरंच असतं. हाडात बारीक भोक पाडून आतला दाब उतरवतात, म्हणजे रक्ताला वाट मिळते. याच अगरवाला यांनी एक वेगळा मार्ग बराच आधीपासून धरला होता: अॅलेंड्रोनेट हे हाडांच्या ठिसूळपणावरचं औषध एव्हीएनच्या रुग्णांना द्यायचं. हे औषध हाड विरघळवणाऱ्या पेशींना आवरतं. मेलेलं हाड काढण्याचा वेग कमी झाला की नवं घालायला वेळ मिळतो आणि सांगाडा तोवर उभा राहतो, अशी त्यामागची कल्पना. मुंबईतल्या रुग्णांमध्ये त्यांना चांगले परिणाम दिसले. इतरत्र झालेल्या सगळ्याच चाचण्यांत तो फायदा दिसलेला नाही. गोळ्याचा किती भाग मेलाय आणि औषध कुठल्या टप्प्यावर सुरू झालं, यावर बरंच अवलंबून असतं, म्हणून जांघेतलं दुखणं दोन-तीन आठवडे हटलं नाही आणि स्टिरॉइड घेतल्याचा इतिहास असेल, तर एक्स-रे स्वच्छ आला तरी डॉक्टरांना एमआरआयबद्दल विचारावं.