टीव्ही आणि फोन एकमेकांशी बोलतच नाहीत

दिवाळीच्या आसपास इंदुरात जेल रोडवरून नवा गेमिंग कन्सोल घरी येतो, आणि पहिल्या तासाभरात खेळ सुरू होण्याऐवजी वायफायची उलथापालथ सुरू होते. अकाउंटमध्ये साइन-इन करण्यासाठी टीव्हीवर एक क्यूआर कोड आणि त्याखाली काही अक्षरं दिसतात, फोनने तो कोड वाचायचा असतो, कुठेतरी गाडी अडते. मग घरातलं कोणीतरी ठामपणे सांगतं, "फोन आणि टीव्ही एकाच वायफायवर हवेत, म्हणून होत नाहीये." राउटर बंद-चालू होतो, फोनचा डेटा बंद होतो.

यातलं काहीही लागत नाही. फोन मोबाइल डेटावर असला तरी चालतं. फोन पुण्यात आणि कन्सोल रामबागेत असला तरीही चालतं. कारण ते दोघं एकमेकांशी बोलतच नाहीत. दोघंही आपापल्या वाटेने तिसऱ्याशी, म्हणजे कंपनीच्या सर्व्हरशी बोलतात. फोनवरचा व्हिडिओ टीव्हीवर टाकताना एकच वायफाय लागतं, तिथली सवय इथे चिकटली आहे इतकंच.

ही युक्ती का निघाली ते आधी पाहू. रिमोटने किंवा कंट्रोलरने चौदा अक्षरी पासवर्ड टाइप करणं हा छळ आहे. एकेका अक्षरापर्यंत बाण सरकवत जायचं, मध्येच कॅपिटल, मध्येच ॲट द रेटचं चिन्ह, आणि सोफ्यावर बसलेले पाहुणे मोठ्याने वाचतायत. कंटाळून लोक पासवर्डच सोपा ठेवतात. त्यावर उपाय असा की पासवर्ड कन्सोलला सांगायचाच नाही. ही पद्धत ऑगस्ट २०१९मध्ये आरएफसी ८६२८ या इंटरनेटच्या तांत्रिक नियमांच्या दस्तऐवजात प्रमाण म्हणून लिहिली गेली. स्मार्ट टीव्ही, व्हिडिओ ॲप आणि कन्सोलवर कोड दाखवून होणारं साइन-इन याच धर्तीवर चालतं. पडद्यांची नावं कंपनीनुसार बदलतात.

आता खरी गंमत. कोड टीव्हीवर उमटण्याआधी कन्सोल सर्व्हरला विचारतो, "मी अमुक जातीचं यंत्र, मला कोणाशी तरी जोडून घ्यायचंय." सर्व्हर त्याला एक नाही, दोन कोड देतो. एक लांबलचक आणि गुप्त; तो कन्सोल स्वतःच्या मेमरीत ठेवतो, कोणालाही दाखवत नाही. दुसरा छोटा, तुमच्यासाठी. तोच टीव्हीवर दिसतो. सर्व्हरच्या वहीत दोन्ही एका ओळीत लिहिलेले असतात.

सायकल स्टँडची चिठ्ठी आठवा. सरवटे बसस्थानकाबाहेर गाडी लावली की चिठ्ठीचा अर्धा तुकडा हँडलला अडकतो, अर्धा आपल्या खिशात जातो. हँडलवरचा तुकडा येणारा-जाणारा कोणीही वाचू शकतो. गाडी मात्र खिशातल्या तुकड्यावरच मिळते. टीव्हीवरचा कोड म्हणजे हँडलवरचा तुकडा. फरक इतकाच की स्टँडवर दोन्ही तुकड्यांवर एकच नंबर असतो. इथे दोन्ही नंबर वेगळे असतात आणि त्यांची जोडी फक्त स्टँडवाल्याला ठाऊक असते.

तुम्ही फोनवर कोड टाकता, स्वतःच्या अकाउंटमध्ये साइन-इन करता आणि "परवानगी द्या" दाबता. सर्व्हर वहीत त्या ओळीपुढे तुमचं नाव लिहितो. पण कन्सोलला हे कळणार कसं? सर्व्हर त्याला हाक मारू शकत नाही. घरचा कन्सोल राउटरमागे असतो, आणि कित्येक ब्रॉडबँडवाल्यांकडे तर अनेक घरं मिळून एकाच सार्वजनिक इंटरनेट-पत्त्यावर असतात. बाहेरून आलेली हाक नेमक्या तुमच्या दिवाणखान्यापर्यंत पोचवायला कोणी नसतं. म्हणून कन्सोलच दर काही सेकंदांनी सर्व्हरचं दार वाजवतो आणि आपला गुप्त कोड दाखवून विचारतो, "झालं का?" सर्व्हरने वेगळं काही सांगितलं नसेल तर प्रमाणानुसार दोन विचारण्यांत ५ सेकंदांचं अंतर ठेवायचं. उत्तरं चार-पाच ठरलेली आहेत: अजून मंजुरी नाही, फार घाई करतोस, हळू विचार (मग अंतर आणखी ५ सेकंदांनी वाढवायचं), नकार मिळाला, मुदत संपली, किंवा, हे घे टोकन, म्हणजे पासवर्डऐवजी चालणारा प्रवेशाचा पास. प्रमाणातल्या नमुन्यात कोडची मुदत १८०० सेकंद आहे. म्हणजे तुम्ही अर्धा तास चहा-पोह्यांत घालवला, तर कन्सोल बिचारा ३६० वेळा दार वाजवून येतो.

टीव्हीवरचा छोटा कोड आठ अक्षरांचा धरला, तर त्याचा हिशेबही बघण्यासारखा आहे. प्रमाणाने सुचवलेली वर्णमाला वीस इंग्रजी व्यंजनांची. ए, ई, आय, ओ, यू हे स्वर नाहीत, वायसुद्धा नाही. कारण साधं: स्वर असले की यंत्राने सहज काढलेल्या अक्षरांतून एखादी शिवी तयार व्हायची भीती. शिवाय ओ आणि शून्य, आय आणि एक यांचा घोळही टळतो. २०चा आठवा घात म्हणजे २५६० कोटी, माहितीच्या भाषेत साधारण साडेचौतीस बिट. पासवर्ड म्हणून हे फार नाही. पण सर्व्हरने फक्त पाच चुका चालवून घेतल्या, तर एखादा ठरावीक कोड अंदाजाने लागण्याची शक्यता ५१२ कोटींत एक. अर्थात एका वेळी दहा हजार घरांत दहा हजार कोड जिवंत असले आणि चोराला त्यातला कोणताही चालणार असला, तर प्रत्येक प्रयत्नाला तीच शक्यता २५ लाख ६० हजारांत एक इतकी वाढते. म्हणून मुदत छोटी ठेवायची आणि एका पत्त्यावरून होणारे प्रयत्न मोजायचे. लहान कोडची ताकद त्याच्या लांबीपेक्षा या पहाऱ्यात जास्त असते. "मिलिटरी ग्रेड सुरक्षा" असलं काही खोक्यावर छापलं, तर त्याला फारसा अर्थ नाही.

व्यंजनांची एक अडचण मात्र उरतेच. आजोबा टीव्हीसमोरून कोड वाचतात आणि नातू आतल्या खोलीत टाइप करतो. बी, डी, पी, टी, व्ही हे सगळं भिंतीपलीकडे सारखंच ऐकू येतं. "बी बर्फीचा, पी पोह्यांचा, जे जलेबीचा, आर राजवाड्याचा" असं सांगितलं की काम होतं. कोडच्या मधली आडवी रेघ टाकली काय, नाही टाकली काय, नीट बनवलेल्या पानाला फरक पडत नाही; लहान-मोठ्या लिपीचाही पडू नये. काही कंपन्या नुसत्या आकड्यांचा कोड देतात. तिथे फोनचा कीबोर्ड मराठीवर असेल तर देवनागरी ५ जातो, आणि संगणकाच्या लेखी देवनागरी ५ आणि इंग्रजी पाच ही वेगळी चिन्हं आहेत. कोड "चुकीचा" ठरतो आणि माणूस चष्मा पुसत बसतो. कीबोर्ड इंग्रजीवर घ्या.

क्यूआर कोडने टाइप करणंच वाचतं. १९९४मध्ये जपानच्या डेन्सो कंपनीत मासाहिरो हारा यांनी मोटारीच्या सुट्या भागांसाठी तो बनवला. त्यात जादू काही नाही. इथे त्याच्यात फक्त वेबपानाचा पत्ता असतो, शेवटी तोच छोटा कोड जोडलेला. "क्यूआर वाचला की पैसे कटतात" ही भीती निराधार आहे. यूपीआयच्या क्यूआरमध्येही नुसता मजकूरच असतो, पैसे तुम्ही पुढे मंजुरी दिल्यावरच जातात. वाचणं वेगळं, मंजुरी देणं वेगळं. कॅमेऱ्याला कोड दिसत नसेल तर टीव्हीचा ब्राइटनेस कमी करा आणि नीट अंतर ठेवा: कोड १५ सेंटिमीटर रुंद असेल तर साधारण दीड मीटर, म्हणजे रुंदीच्या दहापट.

सगळ्यात जास्त घोळ होतो तो मंजुरीच्या पायरीवर. छोटा कोड तुमच्याबद्दल काहीच सांगत नाही. जो मंजुरी देईल त्याचं अकाउंट कन्सोलला जोडलं जातं. इंदूरच्या मामांनी टीव्हीचा फोटो काढून पुण्याच्या भाच्याला व्हॉट्सॲपवर पाठवला, "जरा कर रे हे." भाच्याने प्रेमाने केलं, आणि मामांच्या कन्सोलवर भाच्याचं अकाउंट उघडलं, त्याच्या सेव्ह केलेल्या कार्डासकट. घरातही हेच होतं: फोन आईचा, पण त्याच्या ब्राउझरमध्ये मोठ्या भावाचं जुनं साइन-इन तसंच राहिलेलं. म्हणून "परवानगी द्या" दाबण्याआधी वर दिसणारं नाव आणि ई-मेल वाचा. शंका आली तर ब्राउझरची प्रायव्हेट विंडो उघडून पहिल्यापासून साइन-इन करा.

भामटे हीच गोष्ट उलटी करतात. ते स्वतःच्या यंत्रावर कोड मागवतात आणि तो तुम्हाला पाठवतात, "मीटिंगसाठी एवढा टाका." पान खरं, कंपनी खरी, पासवर्डही चोरीला जात नाही, पण टोकन त्यांच्या यंत्रात जाऊन पडतं. फेब्रुवारी २०२५मध्ये मायक्रोसॉफ्टने अशाच एका मोहिमेबद्दल जाहीर इशारा दिला होता. त्यामुळे नियम एकच: कोड आपल्या डोळ्यांसमोरच्या पडद्यावर आपणच मागवलेला असेल तरच टाकायचा.

आता कामाचा क्रम. अकाउंट आधी फोनवर किंवा संगणकावर तयार करा आणि ई-मेलमधली पडताळणी पूर्ण करा. जन्मतारीख खरी टाका. मुलाचं वय वाढवून लिहिलं की पालकांचे निर्बंध लागू होत नाहीत. देश निवडताना थांबा: प्लेस्टेशनच्या अकाउंटचा देश नंतर बदलता येत नाही. दोन टप्प्यांची पडताळणी चालू करा आणि फोन हाताशी नसताना चालणारे बॅकअप कोड कागदावर लिहून कपाटात ठेवा, त्याच फोनमध्ये नको. मग कन्सोलला लॅन केबल लावा, सिस्टिम अपडेट होऊ द्या, आणि त्यानंतरच कोड मागवा. मध्येच लाइट गेली तर मेमरीतला गुप्त कोड पुसला जातो, आणि टीव्हीवरच्या जुन्या कोडचा फोटो निरुपयोगी होतो. नवा मागवा.

घड्याळही तपासा. पडताळणीच्या ॲपमधला सहा आकडी कोड सहसा दर ३० सेकंदांनी वेळेवरून काढला जातो. फोनची वेळ हाताने लावलेली आणि दोन मिनिटं मागे असेल तर तो नाकारला जातो. तारीख-वेळ स्वयंचलित ठेवा.

दसऱ्याला कन्सोलची पूजा केली तर हरकत नाही, फक्त हळद-कुंकू हवेच्या झरोक्यात जाऊ देऊ नका, पंखा ते आत ओढतो. मुहूर्ताचं मात्र सर्व्हरला काही नाही. त्याच्यासाठी अवघड दिवस असलाच तर २५ डिसेंबर, कारण जगभर खोकी त्याच दिवशी उघडतात. २०१४च्या नाताळात तर प्लेस्टेशन आणि एक्सबॉक्स या दोन्ही सेवा हल्लेखोरांनी खोट्या मागण्यांचा पूर लोटून पाडल्या होत्या.

जोडणी झाल्यावर कन्सोलकडे पासवर्ड नसतो, टोकन असतं. म्हणून चुकीचं अकाउंट जोडलं गेलं तर घाबरायचं कारण नाही. वेबवर अकाउंटच्या सुरक्षा विभागात जाऊन साइन-आउट करता येतं. निन्टेन्डो स्विचवर मात्र जपून: एकदा युजरला जोडलेलं अकाउंट नुसतं सोडवता येत नाही, तो युजरच काढावा लागतो आणि त्याच्याबरोबर त्याचे सेव्हही, म्हणजे खेळांची साठवलेली प्रगतीही, जाते. एक्सबॉक्सवर "होम" कन्सोल, म्हणजे ज्यावर घरातले इतरही तुमचे गेम खेळू शकतात तो, वर्षात पाच वेळाच बदलता येतो. प्लेस्टेशन ५वर अशीच सोय, "कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले", एका अकाउंटसाठी एकाच यंत्रावर चालू राहतं. सेटिंग्जमध्ये युजर्स अँड अकाउंट्स, मग अदर, तिथे ते सापडेल. कन्सोल विकायचा असेल तर आधी सेव्ह बाहेर काढा, मग हे बंद करा, आणि सगळ्यात शेवटी रीसेट.